चालणारं फुलपाखरू

रेडिओवरून निवृत्त झाल्यावर घरी बसायचं नाही, असं निवेदिकाबाईंनी आधीच ठरवलं होतं. घरी बसल्या असत्या तर त्यांनी नवऱ्यालाच सकाळ-संध्याकाळ बातम्या वाचून दाखवल्या असत्या, आणि ही भीती त्याने स्वतःच बोलून दाखवली होती. म्हणून त्या अंधांसाठीच्या ध्वनिग्रंथालयात पुस्तकं वाचायला जाऊ लागल्या. एका जुन्या इमारतीच्या मागच्या अंगाला, भिंतींना जाड स्पंज ठोकलेली लहानशी खोली होती. टेबल, माईक, पाण्याचा ग्लास, आणि काचेपलीकडे रेकॉर्डिस्ट. त्याला सगळे बटणराव म्हणायचे, कारण तो माणसांपेक्षा बटणांशी जास्त बोलायचा.

बाईंचा आवाज गोड होता आणि तो गोड आहे हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. अख्खी हयात लोकांनी त्यांना तेच सांगितलं होतं. दुकानात भाव विचारला तरी दुकानदार मान वर करून बघायचा. त्यामुळे त्या दिवशी बटणरावांनी दार उघडून "तुमच्यासाठी फोन आहे, एका वाचकाचा," म्हटल्यावर बाईंनी कौतुक ऐकायच्या तयारीनेच फोन कानाला लावला.

"नमस्कार. मी शाळेत गणित शिकवते," पलीकडून एक तरुण, ठाम आवाज आला. "तुम्ही वाचलेली बहुतेक सगळी पुस्तकं मी ऐकली आहेत. फार छान वाचता. एकच तक्रार आहे."

"तक्रार?"

"तुम्ही फुलपाखरू हा शब्द प्रत्येक पुस्तकात सारखाच म्हणता."

बाईंना वाटलं, आपल्या ऐकण्यात काहीतरी चूक झाली. "मग कसा म्हणायचा? शब्द तर एकच आहे."

"शब्द एक आहे हो, पण फुलपाखरू एक नाही. त्या रहस्यकथेत ते मेलेलं आहे. टाचणीने ठोकलेलं आहे. त्याच्यावरून एका माणसाला जन्मठेप होते. आणि तुम्ही ते म्हणताना हसता."

"मी हसते?"

"ओठ ताणले की आवाज बदलतो ना, तो मला कळतो. बाळाला झोपवताना म्हणावं तसं म्हणता तुम्ही. तिथे खून झालाय."

फोन ठेवल्यावर बाईंच्या नाकाला चांगल्याच मिरच्या झोंबल्या होत्या. घरी जाऊन त्यांनी नवऱ्याला सगळं सांगितलं. इतकी वर्षं भूकंप, निवडणुका, राजीनामे सगळं वाचलं आणि आता कुणी एक पोरगी मला उच्चार शिकवणार! नवरा वर्तमानपत्रातून डोकं न काढता म्हणाला, "मग ऐकून बघ की एकदा. खोटं असेल तर भांड."

दुसऱ्या दिवशी बाईंनी बटणरावांना जुनी ध्वनिमुद्रणं लावायला सांगितली. आधी ती रहस्यकथा. त्यात एका संग्राहकाचा खून होतो, आणि त्याचा भाचा सांगतो की आपण आठवडाभर गावाला होतो, ही फुलपाखरं आपण जाण्याआधीच टाचून ठेवली होती. तपास करणारी म्हातारी डॉक्टरीण चिमट्याने एकाचा पंख हलवून बघते, तर तो अजून मऊ आहे, काल-परवाच टाचलेला. भाच्याचं सगळं सोंग तिथेच उघडं पडतं. इतका थंडगार प्रसंग, आणि त्यात बाईंचा आवाज 'फुलपाखरू' म्हणताना असा काही पाघळला होता की बटणरावसुद्धा खाकरले.

मग कवितांचं पुस्तक लावलं. नंतर एका खलाशाच्या प्रवासवर्णनातला तुकडा, मग कीटकशास्त्राचं जाडजूड पुस्तक, मग लहान मुलांची गोष्ट. सगळीकडे तोच शब्द, तसाच, साखरेत घोळलेला.

"बंद करा," बाई म्हणाल्या. तोंडात मारल्यासारखं झालं होतं. पण त्या हाडाच्या निवेदिका होत्या. चूक कळली की ती पुढच्या बुलेटिनमध्ये सुधारायची, एवढंच त्यांना माहीत होतं. त्यांनी स्वतः शिक्षिकेला फोन लावला. "पुन्हा वाचते सगळं. पण तुम्ही समोर बसायचं. आणि मला एक सांगा, तुम्हाला फुलपाखराचंच एवढं काय?"

"भेटले की सांगते," ती म्हणाली.

शिक्षिका आली ती शाळा सुटल्यावर, हाताला खडू लागलेला तसाच. अंगाने बारीक, चालणं झपझप, पांढरी काठी बगलेत मारलेली, जणू छत्री. जन्मापासून तिला दिसत नव्हतं. तरी ती चांगल्या धडधाकट पोरांच्या शाळेत गणित शिकवायची. मुलं फळ्यावर गणित सोडवत आणि मोठ्याने बोलत. कोण कुठे चुकणार हे तिला आधी कळायचं. "आधी खडू अडखळतो," ती म्हणाली, "मग पोरगं."

बाईंनी तिला चहा दिला. ती कपावर बोटं फिरवत सांगू लागली.

"लहानपणी माझ्या वडिलांनी मला सगळं हातात दिलं. हत्तीला हात लावून दिला, सापाला लावून दिला, विमानतळावर कुणाच्या तरी हातापाया पडून विमानाच्या चाकाला लावून दिला. मासा, घुबडाचं पीस, बर्फ, कोळसा, सगळं. एकच गोष्ट दिली नाही. शाळेच्या बागेत मुली ओरडायच्या, फुलपाखरू, फुलपाखरू! मी हात पुढे केला की सगळ्या मिळून म्हणायच्या, हात लावू नको, मरेल. बरं, त्याला आवाज नाही. वास नाही. म्हणजे माझ्यासाठी जगात ते नव्हतंच. मग ते कुठे भेटलं? पुस्तकात. आणि प्रत्येक पुस्तकात निराळं."

"निराळं म्हणजे कसं?"

"आता बघा. कवितेत ते बेइमान असतं. या फुलावरून त्या फुलावर. प्रियकराला शिवी द्यायची असली की कवी त्याला फुलपाखरू म्हणतो. मुलांच्या गोष्टीत ते बक्षीस असतं. अळीने निमूट सोसलं की शेवटच्या पानावर तिला पंख. भुताच्या गोष्टीत ते गेलेलं माणूस असतं, बंद खोलीत येऊन बसतं आणि घरातल्यांची बोबडी वळते. तुमच्या खलाशाच्या पुस्तकात तर काय सुंदर आहे! भर समुद्रात, पाणी संपत आलेलं, आणि सकाळी दोरावर फुलपाखरं बसलेली. कुणी काही बोलत नाही. कप्तान नुसता टोपी काढतो. कारण फुलपाखरू म्हणजे जमीन जवळ आली."

बाईंनी तो प्रसंग स्वतः वाचला होता. टोपीचं त्यांच्या लक्षातसुद्धा राहिलं नव्हतं.

"आणि शास्त्राच्या पुस्तकात?" त्यांनी विचारलं.

"तिथलं मला सगळ्यात आवडतं. तिथे लेखकाला काही सिद्ध करायचं नसतं, आणि तरी तो असं काही लिहून जातो की कवीने हेवा करावा. काही फुलपाखरं लांबच्या प्रवासाला निघतात ना, ती पोचतच नाहीत. वाटेत अंडी घालून मरतात. पोचतात ती त्यांची नातवंडं, पतवंडं. वाट कुणी शिकवलेली नसते. हे वाचल्यावर मी दिवसभर वर्गात चुकीची उत्तरं देत होते."

ग्रंथालयाच्या वार्षिक सभेत तिला या विषयावर बोलायला बोलावलं होतं. पुस्तकांतली फुलपाखरं. ती बोलणार, आणि मधेमधे उतारे कुणीतरी वाचणार. ते कुणीतरी बाई होतील का, हे विचारायलाच खरं तर तिने फोन केला होता. आधी तक्रार तोंडातून निघाली, ती नाइलाजाने.

"आणि हे बघा, ताई," कप खाली ठेवत ती म्हणाली, "मला अहो-जाहो नका करू. वर्गात दिवसभर पुरेसं होतं."

त्यानंतर दोघींची काय जोडी जमली! शाळा सुटली की शिक्षिका यायची, स्पंजच्या खोलीत बाईंच्या समोर बसायची, आणि बाई वाचायच्या. रहस्यकथेतलं फुलपाखरू त्यांनी कोरडं वाचलं, दवाखान्यातल्या नर्सने औषधाचं नाव सांगावं तसं. भुताच्या गोष्टीतलं वाचताना शब्दाच्या आधी इतका किंचित श्वास घेतला की काचेपलीकडे बटणरावांनी मान उचलली. खलाशाचं फुलपाखरू जमेना. खूप वेळा वाचून झालं. शेवटी शिक्षिका म्हणाली, "ताई, तहान लागली की वाचा." बाईंनी पाण्याचा ग्लास बाजूला सारला, दुपारभर घसा कोरडा ठेवला, आणि मग तो शब्द असा आला की त्यांच्या स्वतःच्याच अंगावर काटा उभा राहिला.

बाई मनातून थक्क झाल्या होत्या. उभा जन्म फुलपाखरं बघत त्या म्हाताऱ्या झाल्या, आणि एकदाही थांबून त्यांनी असा विचार केला नव्हता. ही मुलगी एक न पाहिलेला जीव पानापानातून गोळा करत होती. एका लेखकाकडून त्याचे पंख घेत होती, दुसऱ्याकडून त्याचं हलकेपण, तिसऱ्याकडून त्याचं मरण. आणि ज्यांनी लिहिलं त्यांच्याविषयी तिला केवढं प्रेम! कुणी वाईट लिहिलं असलं तरी ती म्हणायची, "बिचाऱ्याला घाई झाली असेल, पण त्यातसुद्धा एक ओळ बघा कशी आहे."

एक दिवस बाईंनी हळूच विषय काढला. शहराच्या बागेत एक काचघर आहे, आत फुलपाखरं वाढवतात. जाऊ या का?

शिक्षिकेचा चेहरा उतरला. "नको."

"का गं?"

"ताई, मी इतक्या वर्षांत जुळवत आणलंय ते. खरं भेटलं आणि ते भिकार निघालं तर? नाहीतर काहीच कळलं नाही तर? काचघरात उभी राहीन, लोक म्हणतील, अय्या, बघा किती, आणि मी पुन्हा शाळेच्या बागेत."

बाईंनी पुन्हा विषय काढला नाही. पण सभा जवळ आली तशी शिक्षिका आपणहून म्हणाली, "चला. नंतर कुणी विचारलं तर निदान गेले होते म्हणता येईल."

नेमकं त्या दिवशी आभाळ भरून आलेलं. काचघरात उबट, ओलसर हवा, पानांवरून टपटपणारं पाणी, आणि फुलपाखरं सगळी पानांखाली पंख मिटून बसलेली. ऊन नसलं की ती उडत नाहीत, असं काचघर सांभाळणारीने सांगितलं. रबरी बूट घातलेली, गळ्यात चष्मा लोंबणारी ही बाई एरवी तुटक बोलायची, पण फुलपाखरांचं निघालं की थांबता थांबायची नाही. "आज त्यांची सुट्टी आहे म्हणा," ती म्हणाली.

शिक्षिका हसली, पण ते हसू बाईंना बघवेना. आपण उगाच हिला इथे आणलं, असं त्यांना झालं.

"कोष दाखवते," काचघरवाली म्हणाली. कोपऱ्यात एक जाळीचं कपाट होतं, त्यात पट्ट्यांना ओळीने कोष टांगलेले. तिने शिक्षिकेचं बोट धरलं आणि एका कोषाला अगदी अलगद टेकवलं. "दाबू नका. नुसतं टेकवा."

शिक्षिकेने बोट टेकवलं आणि दचकून मागे घेतलं. "हललं!"

"हलणारच. चिडलं ते."

"चिडलं?"

"त्यांना आवडत नाही कुणी छेडलेलं. असा झटका देतात. झोपलेल्या पोराचं पांघरूण ओढलं की कसं पाय झाडतं, तसं."

शिक्षिका उभीच राहिली. मग तिला असं हसू फुटलं की तिने काठी बाईंच्या हातात दिली आणि दोन्ही हातांनी तोंड झाकलं. "ताई! अहो, सगळ्या पुस्तकांत कोष म्हणजे शांतता. तपश्चर्या. मरण. एका कथेत तर विधवा बाई कोषाकडे बघून संन्यास घेते. आणि हे चिडतं! आतून लाथ मारतं!"

तेवढ्यात काचघरवाली "अरे देवा" म्हणाली. वरच्या पट्टीवरून नुकतंच बाहेर आलेलं एक फुलपाखरू पाय सुटून खाली पडलं होतं. कपाटाच्या तळाला, ओलं, पंख चुरगळलेल्या कागदासारखे, धडपडत होतं.

"त्याला आत्ताच्या आत्ता वर चढायला काहीतरी पाहिजे," ती घाईने शिक्षिकेला म्हणाली. "टांगून राहिलं तरच पंख सरळ होतात. नाहीतर असेच वाकडे वाळतील, आणि मग जन्मात उडणार नाही. तुमचा हात जवळ आहे. बोट त्याच्या पुढ्यात धरा. खाली. अजून खाली. आता हलू नका."

शिक्षिकेने श्वास रोखून बोट पुढे केलं. क्षणभर काहीच झालं नाही. मग तिचा चेहरा बदलला. बाईंनी आयुष्यात पुष्कळ चेहरे पाहिले होते, मंत्र्यांचे, नटांचे, पण असा नाही.

"पाय आहेत," शिक्षिका कुजबुजली. "ताई, याला पाय आहेत. आकडे असल्यासारखे. ते मला धरतंय."

"हात हळूहळू वर करा," काचघरवाली म्हणाली. "चढू द्या त्याला."

फुलपाखरू बोटावरून मनगटावर आलं, मनगटावरून बाहीवर. थांबायचं, पुन्हा निघायचं. कोपराच्या आतल्या बाजूला पोचल्यावर बाहीच्या सुतात पाय रोवून ते उलटं लटकलं आणि स्थिर झालं. आता पंख भरायला लागतील, काचघरवालीने सांगितलं. तासभर तरी लागेल. हात खाली आणायचा नाही.

आणि ती मुलगी हात आडवा धरून उभी राहिली. थोड्या वेळाने खांदा भरून आला, हात खाली येऊ लागला. बाईंनी काठी भिंतीला टेकवली आणि आपला तळवा तिच्या मनगटाखाली धरला. त्यांचा स्वतःचा गुडघा ठणकत होता. काचघरवालीने स्टूल आणलं, पण बसल्याने हात हलेल म्हणून दोघींनी नको म्हटलं. बाई डोळ्यांसमोरचं सांगत राहिल्या, पण या वेळी त्यांनी आवाजात काही घातलं नाही. "आता पंख अंगठ्याएवढा झाला. आता सुरकुत्या गेल्या. आता कडेला काळं दिसतंय. काळ्याच्या आत केशरी."

"केशरी मला नको सांगू, ताई. केवढा झाला ते सांग."

ती बाईंना 'तू' म्हणाली. दोघींच्याही ते लक्षात आलं नाही.

मधेच शिक्षिका ओरडली, "काहीतरी ओलं लागलं!"

काचघरवाली वाकून बघत म्हणाली, "तांबडं पाणी सोडलंय त्याने. बाहेर आलं की सोडतात. कोषातलं उरलंसुरलं."

"म्हणजे माझ्या अंगावर शू केली."

"साधारण तसंच."

शिक्षिका हात न हलवता, नुसत्या पोटातून हसली. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत.

पुष्कळ वेळाने तिच्या बाहीपाशी बारीकशी फडफड झाली. पहिल्यांदा एकदा, मग दोनदा. कातडीवर वारा लागला, पुस्तकाचं पान कुणी लांबून उलटावं एवढाच. पायांची पकड सुटली. फुलपाखरू जवळच्या पानावर जाऊन बसलं, पंख नीट, सरळ. बाईंनी तसं सांगितलं. शिक्षिकेने हात खाली घेतला आणि कितीतरी वेळ ती दंड चोळत राहिली.

बाहेर बाकावर बसल्यावर ती म्हणाली, "ते चालतं, ताई. मी एवढी पुस्तकं ऐकली. कुठल्याच पुस्तकात ते चालत नाही. सगळे उडतानाच लिहितात."

"लांबून बघतात ना," बाई म्हणाल्या. "आम्ही सगळेच."

"त्यांची चूक नाही. त्यांच्या अंगावरून कुणी चाललं नसेल." ती जरा थांबली. "मला वाटलं होतं, खरं भेटलं की पुस्तकातली खोटी ठरतील. पण तसं नाही झालं. तो खलाशी दोरावर बसलेली म्हणतो ना, आता मला कळलं, ती दोराला कशी धरून बसली असतील. आता ते पुस्तक मला आणखी आवडणार."

सभेला ग्रंथालयाचं सभागृह भरलं होतं. काही अंध वाचक, काही डोळस, शाळेतल्या पोरांची एक रांग, आणि मागे उभे बटणराव, हातात एकही बटण नसल्यामुळे कावरेबावरे झालेले. शिक्षिका बोलली ते जिवाचा कान करून ऐकावं असं. ती पुस्तकांविषयी बोलली, पण कुणाला नावं ठेवली नाहीत. लेखक एका एवढ्याशा किड्याकडून किती कामं करून घेतात, खुनाचा पुरावा, भूत, बेइमान प्रियकर, जमिनीची खबर, आणि तो बिचारा कसा कुठल्याच कामाला नाही म्हणत नाही, हे तिने इतक्या मायेने सांगितलं की पोरंसुद्धा चुळबुळली नाहीत. मधेमधे बाई वाचत होत्या. खलाशाचा उतारा संपला तेव्हा पुढच्या रांगेतल्या एका म्हाताऱ्या अंध गृहस्थांनी नकळत डोक्यावरची टोपी काढून मांडीवर ठेवली.

शेवटी एकजण उठले. टापटीप कपडे, सभेत प्रश्न विचारायलाच येतात त्यांपैकी. "आपलं विवेचन उत्तम," ते म्हणाले, "पण राग मानू नका, आपण फुलपाखरू पाहिलेलं नाही. मग कशाच्या आधारावर बोलता?"

आता ही काचघराचं सांगेल, असं बाईंना वाटलं.

"पुस्तकांच्या," शिक्षिका शांतपणे म्हणाली. "तुम्ही राजवाड्यातले कट वाचले असतील, समुद्राचा तळ वाचला असेल, भुतं वाचली असतील. त्यातलं पाहिलं किती? तरी रात्री दार दोनदा लावून बघत असालच."

सभागृह हसलं, आणि ते गृहस्थही हसले. बसता बसता म्हणाले, "तीनदा."

कार्यक्रम संपल्यावर लोक पुस्तकांच्या टेबलाभोवती जमले. प्रत्येकाला कुठलं ना कुठलं फुलपाखरू घरी न्यायचं होतं. पोरांना रहस्यकथा हवी होती, टोपीवाल्या गृहस्थांना शास्त्राचं पुस्तक. बटणराव ध्वनिमुद्रणं शोधून देताना कधी नव्हे ते भरभरून बोलत होते.

शिक्षिका पायऱ्यांवर बाईंची वाट बघत उभी होती. बाई आल्या तशी तिने त्यांचा दंड धरला.

"काचघराचं का नाही सांगितलंस?" बाईंनी विचारलं.

"ते माझं आहे. सभेत कशाला?" मग चालता चालता तिने विचारलं, "ताई, ढगाला हात लागत नाही म्हणे. खरंय का?"

"धुक्यात उभी राहिलीस तर लागेल. थोडा गार, ओलसर."

"पुस्तकांत असतील ना पुष्कळ?"

बाई विचार करू लागल्या. प्रवासवर्णनं, कविता, हवामानाचं ते कंटाळवाणं पुस्तक जे वाचताना त्यांना झोप आली होती. "खूप आहेत गं," त्या म्हणाल्या, आणि रस्ता ओलांडेपर्यंत दोघी कुठून सुरुवात करायची यावरून वाद घालत होत्या.